निवडुंगाचा बुंधा दरवर्षी कुजतो? आधी पाणी थांबवा

दिवाळी उलटली की निवडुंगाची पानं पिवळी पडायला लागतात. मार्गशीर्षात झाड जवळजवळ उघडं होतं. घरातलं कुणीतरी म्हणतं, ‘वाळतंय बघ, पाणी घाल.’ पाणी घातलं जातं. पानं काही येत नाहीत, म्हणून आणखी घातलं जातं. संक्रांतीच्या सुमाराला बुंधा बोटाला मऊ लागतो आणि शिमग्यापर्यंत झाड आडवं होतं. मग कुणाच्या तरी बांधावरून नवी फांदी येते आणि पुढच्या वर्षी हाच क्रम पुन्हा.

ही तक्रार इतक्या घरांतून, इतक्या सारख्या शब्दांत येते की उत्तर सविस्तर लिहून ठेवणं बरं. थोडक्यात सांगायचं तर हिवाळ्यातली पानगळ हा रोग नव्हेच. झाड मरतं ते पानगळ पाहून घातलेल्या पाण्यानं. आज कुंडीत जे पाणी चालू असेल ते बंद करा आणि मग पुढचं वाचा.

आधी झाड कोणतं ते ठरवा

आपण काटेरी, मांसल दिसेल त्या सगळ्याला निवडुंग म्हणतो आणि बरेचसे चुकीचे सल्ले इथूनच सुरू होतात. मी लिहितोय तो गावोगाव कुंपणाला लावलेला, सह्याद्रीच्या आणि दख्खनच्या खडकाळ उतारांवर दिसणारा वई निवडुंग. काही भागांत त्याला थोर म्हणतात, आयुर्वेदात स्नुही किंवा सुधा. शास्त्रीय नाव युफोर्बिया नेरीफोलिया. एरंड, रबर आणि साबुदाण्याचा कंद ज्या कुळातले, त्याच कुळातला हा.

खूण पटवायची तर काट्यांकडे पाहा. काटे आखूड आणि जोडीजोडीनं असतात, प्रत्येक जोडी एका लहानशा उंचवट्यावर, आणि हे उंचवटे फांदीभोवती पाच तिरप्या ओळींत चढत गेलेले. म्हणून फांदी गोल असूनही पंचकोनी भासते. पानं फांदीच्या टोकाशीच गोळा झालेली, जाड, देठाकडे निमुळती आणि टोकाकडे रुंद. कुठेही जरा खरचटलं की पांढराशुभ्र चीक.

फांदीला तीन ठळक धारा असतील, धारांच्या कडा नागमोडी असतील आणि पानं नावापुरतीच असतील, तर तो त्रिधारी निवडुंग, युफोर्बिया अँटिकोरम. त्याची निगा हीच. पेन्सिलीसारख्या गुळगुळीत, बिनकाट्याच्या फांद्या असतील तर तो शेर. तो मूळचा आफ्रिकेतला. चिकाच्या बाबतीत खाली जे लिहिलंय ते त्याला तितकंच लागू. लाल किंवा गुलाबी फुलांची, बारीक काटेरी फांद्यांची, नर्सरीत हमखास मिळणारी जात म्हणजे मादागास्करची युफोर्बिया मिली. ती जवळजवळ वर्षभर फुलते, तिला हिवाळ्यातही अधूनमधून पाणी लागतं, तेव्हा खालचा पाणी तोडण्याचा नियम तिला सरसकट लावू नका.

आणि फड्या निवडुंग हे तर वेगळंच कूळ. तो अमेरिकेतून आलेला कॅक्टस. त्याचे काटे झुबक्यांनी येतात आणि तोडल्यावर पांढरा चीक येत नाही. हा फरक नुसता पुस्तकी नाही. फड्यानं एके काळी देशभर रानं अडवली होती. त्याला आवरलं कोचिनीलच्या जातीच्या किड्यांनी. त्यांतली एक जात १७९५ मध्ये भारतात आली, दुसरी १९२६ मध्ये श्रीलंकेतून आणली गेली. हे किडे फक्त कॅक्टसवर जगतात, थोराला तोंड लावत नाहीत. तेव्हा तुमच्या थोरावर पांढरा कापूस दिसला तर तो कोचिनील नव्हे, पिठ्या ढेकूण आहे. शंका असेल तर काडीनं चिरडून पाहा. कोचिनील असेल तर गर्द लाल रंग निघतो. पिठ्या ढेकूण साबणाच्या पाण्यात बुडवलेल्या जुन्या ब्रशनं काढता येतो. काट्यांच्या बेचक्यांत आणि पानांच्या बुडाशी तो लपतो, म्हणून आठवड्यानं पुन्हा एकदा ब्रश फिरवा.

झाड पानं का टाकतं

थोराची पानं पावसाळ्याची सोय आहे. पाणी मुबलक आणि हवा दमट असताना पानांनी झपाट्यानं अन्न करून घ्यायचं आणि जमीन सुकू लागली की तीच पानं गाळून टाकायची, कारण पानातूनच सगळ्यात जास्त पाणी उडतं. मागे राहतं ते हिरवं खोड. ते पाणी साठवतं आणि अन्नही बनवतं. अशा मांसल खोडाच्या झाडांची एक युक्ती आहे. खोडाच्या त्वचेवरची सूक्ष्म छिद्रं दिवसा मिटलेली राहतात आणि रात्री गारव्यात उघडतात. रात्री आत घेतलेला कार्बन डायऑक्साइड आम्लाच्या रूपात साठवून ठेवायचा आणि दिवसा उन्हात, दारं बंद ठेवून, तो वापरायचा.

निष्पर्ण थोर उपाशी नसतो, तहानलेलाही नसतो. त्याची मुळं मात्र या काळात जवळजवळ थांबलेली असतात. पुण्या-नाशकाकडच्या थंडीत, रात्रीचा पारा दहाच्या आसपास असताना, कुंडीत घातलेलं पाणी मुळं ओढत नाहीत आणि ऊन कोवळं असल्यानं ते उडूनही जात नाही. ओल्या, गार, हवा न खेळणाऱ्या मातीत बुरशीला तेवढंच हवं असतं. ती आधी बारीक मुळं खाते आणि मग खोडात चढते. वरून सगळं ठीक दिसत असतं, कारण खोडात साठलेल्या पाण्यावर झाड आठवडेच्या आठवडे टवटवीत राहतं. म्हणूनच नेहमी ऐकू येतं की ‘काल चांगलं होतं, आज पडलं.’ ते काल चांगलं नव्हतं.

निष्पर्ण असतानाच, हिवाळा सरता सरता, थोराला फुलं येतात आणि बहुतेकांच्या ती लक्षातही येत नाहीत. हिरवट पिवळे, पाकळ्या नसलेले छोटे पेले. प्रत्येक पेल्यात मधोमध एक मादीफूल आणि त्याच्याभोवती अनेक नरफुलं, आणि नरफूल म्हणजे तरी काय, एकच पुंकेसर. जगभरच्या सुमारे दोन हजार जातींच्या या प्रजातीत, दुधी नावाच्या एवढुशा तणापासून आफ्रिकेतल्या झाडाएवढ्या युफोर्बियांपर्यंत, फुलांची रचना हीच. भिंग असेल तर जरूर पाहा.

मऊ आहे की सालपटलंय?

बुंध्यापाशी तपकिरी दिसलं की लोक घाबरतात. पण जुन्या थोराचा बुंधा तपकिरी, खरखरीत, सालीसारखा होणं हे वयाचं लक्षण आहे. लाकडी काडीच्या बोथट टोकानं दाबून पाहा. टणक लागलं, काडी आत गेली नाही, कडा हळूहळू हिरव्यात मिसळत असतील, तर ते साल आहे, सोडून द्या. काडी रुतली, पाणी सुटलं, आंबूस वास आला, रंग काळपट असून त्याची सीमा दर दोन दिवसांनी वर सरकत असेल, तर ते कुजणं आहे. खोड सुरकुतलंय पण टणक आहे, तर ती तहान आहे. तीही हिवाळ्यात नव्हे, मे महिन्यात दिसते आणि एका पाण्यानं भरून येते. एक फसवी जागा मात्र आहे: मुळं कुजलेली असली तरी खोड सुरकुततं. माती ओली आणि खोड सुरकुतलेलं, असं दिसलं तर पाणी घालू नका. झाड उपटून मुळं पाहा.

कुजलेलं झाड वाचवायचं तर

कुजलेला बुंधा परत टणक होत नाही. बुरशीनाशक शिंपून, वरवर हळद दाबून तो बरा होतो असं सांगणारे आहेत, पण खोडाच्या आत चढलेली कूज बाहेरून लावलेल्या कशानंही थांबत नाही. वरचा निरोगी भाग कापून नव्यानं लावणं हाच उपाय, आणि तो जितक्या लवकर कराल तितकी लांब फांदी हाती लागते.

कुजलेल्या भागाच्या चार बोटं वर कापा. कापाचा पृष्ठभाग नीट पाहा. तो सगळा एकसारखा पांढरट हिरवा हवा. मधोमध किंवा कडेला तपकिरी ठिपका, रेघ, वलय काहीही दिसलं तर आणखी वर कापा. प्रत्येक कापाआधी पातं स्पिरिटनं पुसा, नाहीतर कूज तुम्हीच वर नेत राहाल. स्वच्छ काप मिळेपर्यंत थांबू नका. हळहळ वाटून अर्धा इंच ठिपका ठेवून दिला की पुढे सगळी फांदी जाते.

काप मिळाला की वाहणारा चीक पाण्याच्या धारेखाली धुऊन टाका. चीक वाहायचा थांबला की फांदी सावलीत, वारा लागेल अशा जागी आडवी किंवा उभी ठेवून द्या. किती दिवस? करंगळीएवढ्या फांदीला आठवडा, मनगटाएवढ्या फांदीला दोन ते तीन आठवडे. कापावर कोरडी, ताठ खपली धरली पाहिजे. ज्यांची फांदी जगत नाही त्यांतले बहुतेक इथेच घाई करतात. ओल्या कापाची फांदी ओल्या मातीत खोचणं म्हणजे कुजीला दार उघडून देणं. फांदीला या काळात काही होत नाही. तिचं पाणी तिच्या आत आहे.

मातीबद्दल मी आग्रही आहे. नर्सरीतून आलेल्या कुंडीत बहुधा नुसतं कोकोपीट असतं. ते वजनाला हलकं म्हणून नर्सरीला सोयीचं, पण आत दिवसेंदिवस ओलं राहतं आणि एकदा पूर्ण सुकलं की पाणीच धरत नाही. झाड आणल्यावर तेच पहिलं काढा. निम्मा बारीक मुरूम किंवा विटांचा चुरा, राहिलेल्यात तांबडी माती आणि जाड वाळू, मूठभर जुनं शेणखत. काळी माती कुंडीत अजिबात नको. कुंडी मातीची, फार मोठी नाही आणि खालची बशी काढून टाकलेली. फांदी दोन-तीन इंचच खोल बसवा, डुलत असेल तर काठीला बांधा. पाणी पहिले आठ-दहा दिवस नाही, मग थोडं थोडं. टोकाला नवी पानं हलली की मूळ धरलं समजा.

हे काम करायला सगळ्यात चांगला काळ फाल्गुन ते वैशाख. तापलेल्या मातीत मुळं लवकर सुटतात आणि पावसाळ्याआधी झाड बसतं.

पुढचं वर्षभराचं पाणी असं: जूनपासून पाऊसच पुरतो. संततधार असेल तर कुंडी आडोशाला घ्या. पाऊस ओसरल्यावर माती दोन बोटं खोल सुकली की पाणी द्या. पानं पिवळी पडू लागली की पाणी कमी करा आणि पानं गळून गेली की थांबवा. किनारपट्टीवर थंडी सौम्य असते, तिथे महिन्यातून एखादं पाणी चालतं. देशावर तेही नको. मार्चनंतर हळूहळू पुन्हा सुरू करा. ऊन भरपूर हवं. सावलीत ठेवलेला थोर बारीक, फिकट, वाकडा वाढतो, आणि त्याला खतानं जाडी येत नाही.

कापण्याआधी चिकाची तयारी

खरं तर हे सगळ्यात वर लिहायला हवं होतं इतकं महत्त्वाचं आहे. थोराचा चीक कातडीला पोळतो आणि डोळ्यात गेला तर फार मोठा त्रास देतो. त्यातली डायटर्पीन गटाची रसायनं दाह करतात. चीक सुरुवातीला नुसता चुरचुरतो, म्हणून माणूस दुर्लक्ष करतो. मग काही तासांत डोळा लाल होतो, पाण्याच्या धारा लागतात, उजेड सहन होत नाही, दिसणं धूसर होतं. बुबुळाला इजा होऊ शकते.

पूर्ण बाह्या, रबरी हातमोजे आणि बाजूनं बंद असलेला चष्मा लावूनच कापा. वारा पाठीवर घ्या. डोक्याच्या वर असलेली फांदी कोयत्यानं झोडू नका, चीक सरळ तोंडावर उडतो. ती करवतीनं, बाजूला उभं राहून कापा. काम चालू असताना कपाळाचा घाम पुसायचा मोह आवरा, कारण बहुतेकांच्या डोळ्यात चीक फांदीवरून नव्हे, स्वतःच्या हातावरून जातो. मुलं आणि कुत्री-मांजरं लांब. कापलेल्या फांद्या जाळू नका, धुरानंही डोळे-घसा जळतो. विहिरीत, तळ्यात, ओढ्यात टाकू नका. या गटातल्या झाडांचा चीक मासे गुंगवायला वापरत आले आहेत, ते उगाच नव्हे.

कातडीला लागला तर लगेच साबण-पाण्यानं धुवा. सुकलेला चीक नुसत्या पाण्यानं निघत नाही, तिथे आधी थोडं तेल चोळा. डोळ्यात गेला तर चोळायचं नाही, आणि दूध, मध, तूप, गुलाबपाणी यातलं काहीही घालायचं नाही. पापणी उघडी धरून स्वच्छ पाण्याची धार किमान वीस मिनिटं. कॉन्टॅक्ट लेन्स असेल तर काढा. मग बरं वाटत असलं तरी त्याच दिवशी नेत्रतज्ज्ञाकडे जा आणि कोणत्या झाडाचा चीक गेला ते फांदीच्या फोटोसह सांगा. वेळेवर उपचार झाले तर बहुतेक डोळे पूर्ववत होतात.

‘पण आजी तर औषधाला वापरायची’

हो, वापरायची. पान विस्तवावर शेकून त्याचा रस कानात पिळायचा, लहान मुलाच्या खोकल्यावर तोच रस मधातून द्यायचा, चामखिळीवर चीक लावायचा, हे घरोघरचे उपाय होते. त्यांच्यामागे मोठी परंपरा आहे आणि मला तिच्याबद्दल आदर आहे. म्हणूनच ती परंपरा स्वतः काय सांगते ते नीट पाहू या.

चरकसंहितेच्या सूत्रस्थानात, पंचविसाव्या अध्यायात, तीक्ष्ण विरेचनांमध्ये, म्हणजे जोरदार जुलाबाच्या औषधांत, स्नुहीच्या चिकाला श्रेष्ठ म्हटलं आहे. कल्पस्थानात तर सुधेवर स्वतंत्र अध्याय आहे. तिथे कमी काट्यांची आणि पुष्कळ काट्यांची असे दोन प्रकार सांगितलेत, दोन-तीन वर्षांच्या झाडाला शस्त्रानं छेद देऊन शिशिराच्या शेवटी चीक घ्यावा असं सांगितलंय, आणि त्याच अध्यायात बजावलंय की ज्याचा कोठा मऊ आहे त्याला हे देऊ नये. पुढच्या ग्रंथांनी स्नुहीच्या चिकाला रुईच्या चिकासोबत उपविषांत बसवलं. इतक्या अटी घालून वैद्यानं वापरायची वस्तू आपण बाल्कनीतून तोडून मुलाच्या तोंडात घालतो, यात परंपरा कुठे पाळली गेली?

या झाडाचा आज चालू असलेला सगळ्यात भक्कम उपयोग क्षारसूत्राचा आहे. भगंदरावर वापरायचा हा दोरा. प्रमाणित पद्धतीत दोऱ्याला स्नुहीच्या चिकाचे अकरा लेप देतात, मग चीक आणि आघाड्याच्या क्षाराचे सात, शेवटी चीक आणि हळदीचे तीन, असे एकवीस. प्रत्येक लेप वाळवून पुढचा. चक्रदत्त या जुन्या वैद्यकग्रंथात या दोऱ्याचं मूळ आहे. विसाव्या शतकात बनारस हिंदू विद्यापीठात डॉ. पी. जे. देशपांडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ही पद्धत पुन्हा उभी केली आणि आज देशभरच्या आयुर्वेद रुग्णालयांत ती चालते. चीक तोच, पण मोजलेला, वाळवलेला, तज्ज्ञाच्या हातून नेमक्या जागी लावलेला.

आधुनिक औषधशास्त्रालाही या चिकानं असाच धडा दिला. थोराच्याच प्रजातीतल्या एका तणाच्या चिकातून काढलेलं इन्जेनॉल मेब्युटेट हे औषध उन्हानं बिघडलेल्या कातडीवर लावायला अमेरिकेत २०१२ मध्ये मंजूर झालं. त्याच्या वापरानं त्वचेचा कर्करोग वाढतो की काय या चिंतेनं युरोपात ते २०२० मध्ये मागे घेतलं गेलं.

तेव्हा कानात रस घालू नका. पडद्याला छिद्र असेल तर नुकसान आत पोचतं. चामखिळीला चीक लावू नका, भोवतीची कातडी भाजते. कुणाच्या पोटात चीक गेलाच तर उलटी करवू नका, तोंड धुवा आणि दवाखाना गाठा.

कुंपणात खिंडार पडत असेल तर

थोराचं खरं काम कुंपणाचं. गुरं तोंड लावत नाहीत, वाळवी लागत नाही, पाणी द्यावं लागत नाही. कोकणात दगडी गडग्यावर हा लावलेला दिसतो. बंगालात हेच झाड मनसादेवीचं म्हणून पुजलं जातं आणि आसामात बोडो लोकांच्या बाथौ या देवाच्या ओट्यावर निवडुंगाच्याच जातीचं सिजौ मधोमध उभं असतं. पुण्याच्या नाना पेठेत तर विठोबाच निवडुंग्या.

कुंपण ठरावीक जागीच पुन्हापुन्हा मरत असेल तर तिथे पावसात पाणी तुंबतं का ते पाहा. नेहमी तेच कारण निघतं. काळ्या जमिनीत सपाटीवर नव्हे, हातभर उंच वरंबा करून त्यात दगड-मुरूम घाला आणि त्यावर फांदी लावा. लोक पहिल्या पावसात ताजी तोडून खोचतात. त्याऐवजी चैत्रात तोडा, बांधावरच सावलीत ढीग घालून सुकू द्या आणि वैशाखात लावा. अंतर हातभर. पहिली दोन वर्षं शेंडे खुडले तर खालून फुटवा येतो आणि कुंपण बुडाशी दाट होतं. मोठं झाल्यावर नुसते वरचे शेंडे छाटत राहिलं तर बूड उघडं पडतं, मग तिथून डुकरं शिरतात. अशा वेळी एखादं झाड गुडघ्याएवढ्या उंचीवर कापून टाका, तेही मार्चमध्ये, कोरड्या दिवशी. वरच्या तोडलेल्या फांद्या सुकवून खिंडारातच लावता येतात.